यानुश गायोस : एका ओळखीच्या चेहऱ्याची पन्नास वर्षं

जागतिक सिनेमातल्या नटांवरच्या आजच्या व्याख्यानात आपण पोलंडच्या यानुश गायोसविषयी बोलणार आहोत. पोलिश सिनेमा म्हटलं की आपल्याकडे दिग्दर्शकांची नावं पटकन ओठांवर येतात: आंद्रे वायदा, क्रिश्तोफ किश्लोव्स्की, रोमान पोलान्स्की. फिल्म सोसायटीत जाणाऱ्या कुणालाही ही नावं माहीत असतात. पण त्यांच्या सिनेमांत वावरणाऱ्या नटांची नावं सांगा म्हटलं, की आपण अडखळतो.

गंमत अशी, की तुमच्यापैकी पुष्कळांनी गायोसला पाहिलेलं आहे. किश्लोव्स्कीचा १९९४ चा 'थ्री कलर्स: व्हाइट' आठवा. पॅरिसच्या मेट्रो स्टेशनात कफल्लक झालेल्या नायकाला एक उदास, सभ्य पोलिश गृहस्थ भेटतो. त्याच्याच मदतीने नायक एका मोठ्या सुटकेसमध्ये बसून विमानाने वॉर्साला पोहोचतो. पुढे हा गृहस्थ त्याच नायकाला पैसे देऊन स्वतःवर गोळी झाडायला सांगतो. तो मिकोवाय म्हणजे यानुश गायोस.

आपल्याला तिथे एक उत्तम सहायक नट दिसतो आणि आपण पुढे जातो. पोलिश प्रेक्षकाला मात्र त्या चेहऱ्यामागे अठ्ठावीस वर्षं दिसत असतात. त्या चेहऱ्याला त्याने लहानपणी सैनिकाच्या टोपीत पाहिलेलं असतं, मोठेपणी छळ करणाऱ्या अधिकाऱ्याच्या खुर्चीत पाहिलेलं असतं. आज आपण बोलणार आहोत ते त्या अठ्ठावीस वर्षांबद्दल आणि त्यानंतरच्या काळाबद्दल.

मुद्दा आधीच सांगून टाकू, म्हणजे पुढचं ऐकायला सोपं जाईल. गायोसची पहिली मोठी भूमिका ही सरकारला हव्या असलेल्या कथेतल्या नायकाची होती. त्या भूमिकेने त्याला देशभर प्रेम मिळवून दिलं आणि पुढची वाटही अडवली. त्यानंतर त्याने ज्या महत्त्वाच्या भूमिका केल्या त्यांत सत्तेची माणसं एकामागून एक येत राहतात: रेडिओ-दूरदर्शनचा अधिकारी, गुप्त पोलीस, सेन्सॉर, सरकारी वकील, शेवटी आर्चबिशप. ज्या चेहऱ्यावर लोकांनी लहानपणी विश्वास टाकला, तोच चेहरा त्यांना सत्ता आतून कशी असते ते दाखवत राहिला. हे त्याने ठरवून केलं की भूमिका येत गेल्या आणि जुळत गेल्या, हा वाद आपण घालणार नाही. पडद्यावर काय घडलं, ते पाहू.

सुरुवात

गायोसचा जन्म २३ सप्टेंबर १९३९ चा. ही तारीख जरा लक्षात ठेवा. १ सप्टेंबरला जर्मनीने पश्चिमेकडून पोलंडवर हल्ला केला होता आणि १७ सप्टेंबरला सोव्हिएत फौजा पूर्वेकडून शिरल्या होत्या. म्हणजे हा मुलगा जन्मला तेव्हा त्याचा देश दोन्ही बाजूंनी गिळला जात होता. गाव दोम्ब्रोवा गुर्निचा, दक्षिण पोलंडमधल्या कोळसा खाणींच्या पट्ट्यातलं.

नट व्हायचं तर वूच शहरातल्या प्रसिद्ध फिल्म स्कूलमध्ये जायचं, असं त्याने ठरवलं. प्रवेश परीक्षा दिली, नापास. पुन्हा दिली, पुन्हा नापास. तिसऱ्यांदाही तेच. चौथ्या वेळी त्याला घेतलं. पुढे काही दशकांनी याच शाळेत त्याने शिकवलं, ही गोष्ट आपल्याकडच्या प्रवेश परीक्षावाल्या मुलांना मुद्दाम सांगण्यासारखी आहे.

मधल्या काळात तो बेंजिन या गावी मुलांच्या बाहुली नाट्यगृहात काम करत होता. यान दोर्मान नावाचे एक प्रयोगशील दिग्दर्शक ते चालवत. आता, बाहुली नाचवणाऱ्याचं काम कसं असतं? प्रेक्षकाची नजर बाहुलीवर राहिली पाहिजे. नाचवणारा दिसला तरी त्याच्याकडे लक्ष जाता कामा नये. गायोसचं नंतरचं काम बघताना आम्हाला या शिस्तीची वारंवार आठवण येते. तो पडद्यावर 'बघा, मी अभिनय करतोय' असं कधी म्हणत नाही. लक्ष त्या माणसाकडे राहतं, नटाकडे जात नाही.

रणगाडा आणि कुत्रा

१९६५ मध्ये तो फिल्म स्कूलमधून बाहेर पडला आणि १९६६ मध्ये पोलिश दूरदर्शनवर एक मालिका सुरू झाली. तिच्या नावाचं सरळ मराठी करायचं तर 'चार रणगाडेवाले आणि एक कुत्रा'. यानुश प्शिमानोव्स्की यांच्या कादंबरीवर ती बेतलेली होती आणि दिग्दर्शक होते कोनराद नावेंत्स्की. १९७० पर्यंत तिचे एकूण २१ भाग झाले. गोष्ट दुसऱ्या महायुद्धातली. 'रूदी' नावाचा रणगाडा, त्याच्यावर १०२ हा आकडा. त्यात बसणारे चौघे आणि त्यांच्याबरोबर शारिक नावाचा कुत्रा. चौघांतला सगळ्यात लहान, सोनेरी केसांचा, नेमबाज पोरगा यानेक कोस. ती भूमिका गायोसची.

मालिका तुफान चालली. फक्त पोलंडमध्ये नाही, सोव्हिएत युनियन, पूर्व जर्मनी, चेकोस्लोव्हाकिया, सगळीकडे. पोलंडमध्ये मुलांनी रणगाडेवाल्यांचे क्लब काढले. गल्लीत खेळताना मी यानेक होणार की तू, यावर भांडणं होत. सव्वीस-सत्तावीस वर्षांच्या गायोसला आता रस्त्यावर लोक यानेक म्हणूनच ओळखू लागले.

पण मालिका काय सांगत होती आणि काय गाळत होती, तेही बघायला हवं. ती सांगत होती की पोलिश सैनिक आणि सोव्हिएत सैनिक हे सख्खे मित्र, दोघांनी मिळून नाझींना हरवलं. लढाया खऱ्या होत्या. सोव्हिएत भूमीवर उभं राहिलेलं पोलिश सैन्य बर्लिनपर्यंत गेलं, हेही खरं. पण गोष्ट सुरू होते ती सैबेरियाच्या पार पूर्वेकडच्या जंगलात. तिथे हा पोलिश मुलगा एका म्हाताऱ्या शिकाऱ्याबरोबर राहतो आहे. साहजिकच प्रश्न पडतो, की हा मुलगा तिथे हजारो मैल दूर कसा पोहोचला? तो वडिलांना शोधतो आहे एवढंच कळतं. त्या काळात पोलिश माणसं सैबेरियात का होती, हे मालिका बोलत नाही.

याचं उत्तर खरं तर कोल्हापूरच्या लोकांना देता येईल. कोल्हापूरजवळच्या वळिवडे गावी १९४३ ते १९४८ या काळात पोलिश निर्वासितांची मोठी वसाहत होती. सुमारे पाच हजार माणसं, बहुतेक बायका आणि मुलं. ही कुटुंबं आली कुठून? १९४०-४१ मध्ये सोव्हिएत सरकारने पूर्व पोलंडमधून लाखो लोकांना उचललं आणि सैबेरियात, कझाकस्तानात नेऊन टाकलं. त्यातली जी वाचली, त्यांतली काही इराणमार्गे भारतात पोहोचली. म्हणजे यानेकच्या मालिकेत जी गोष्ट सांगता येत नव्हती, ती गोष्ट अंगावर घेऊन आलेली माणसं पंचगंगेच्या काठाजवळ राहून गेली. कातिनच्या हत्याकांडाचंही तसंच. १९४० मध्ये सोव्हिएत गुप्त पोलिसांनी सुमारे २२,००० पोलिश अधिकारी आणि इतर कैदी मारले. कम्युनिस्ट राजवटीत पोलंडमध्ये हे उघडपणे बोलता येत नव्हतं.

म्हणून कम्युनिस्ट राजवट गेल्यानंतर या मालिकेवर वाद झाले. युद्धात लढलेल्या काहींनी, इतिहासाच्या अभ्यासकांनी म्हटलं की हा प्रचार आहे, तो आता पुन्हा पुन्हा दाखवू नका. दुसरीकडे लोकांचं म्हणणं, की आमचं बालपण त्यात आहे, कुत्रा आहे, दोस्ती आहे. दोन्ही बाजूंना आपापलं कारण आहे. आपल्या विषयापुरतं महत्त्वाचं हे, की ज्या गोड चेहऱ्याच्या आधाराने ती अर्धवट कथा घराघरांत शिरली, तो चेहरा गायोसचा होता.

अडकलेला नट

मोठं यश मिळालेल्या नटाचं पुढे काय होतं? दिग्दर्शकाला त्याला दुसरी भूमिका द्यायची भीती वाटते. गंभीर सिनेमात हा आला की थिएटरात कुणीतरी शारिक म्हणून ओरडणार! गायोसच्या वाट्याला हेच आलं. सत्तरच्या दशकात पोलिश सिनेमा ऐन भरात होता, वायदा, झानुसी, किश्लोव्स्की काम करत होते, आणि देशातला एक सर्वांत लोकप्रिय तरुण नट त्या सिनेमाच्या उंबऱ्याबाहेर होता.

अशा वेळी काही नट तीच भूमिका वेगवेगळ्या नावांनी करत राहतात, काही जण कडवट होऊन बाजूला होतात. गायोस नाटकाकडे आणि विनोदाकडे गेला. वॉर्साच्या नाट्यगृहांत कामं केली. सत्तरच्या दशकात ओल्गा लिपिन्स्का यांच्या दूरदर्शनवरच्या कॅबरेमध्ये त्याने नाट्यगृहातल्या एका साध्याशा कामगाराची भूमिका केली. पडद्यामागे राबणारा, बुद्धीने बेताचा, पण स्वतःला शहाणा समजणारा माणूस. सोनेरी केसांचा वीर नायक तिथे कुठेच दिसत नव्हता. दिसत होता तो एक चिवट, थोडासा हास्यास्पद, रोजच्या ओळखीतला माणूस.

हे काम दिसायला छोटं, पण आमच्या मते त्याच्या कारकिर्दीतलं फार मोलाचं. कारण प्रेक्षकांनी पहिल्यांदा मान्य केलं, की याला आपण ओळखत होतो त्यापेक्षा हा वेगळा आहे. विनोदाने ती जुनी प्रतिमा मोडली. रागाने किंवा मुलाखती देऊन ती मोडली नसती.

खुर्चीतला माणूस

आता १९८१. वर्षभरापूर्वी ग्दान्स्कच्या जहाजबांधणी कारखान्यात संप झाला होता आणि 'सॉलिडॅरिटी' ही संघटना उभी राहिली होती. वायदाने त्यावर 'मॅन ऑफ आयर्न' केला. याच सिनेमाला कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला. त्यात गायोस थोडाच वेळ दिसतो. तो रेडिओ आणि दूरदर्शनच्या सरकारी समितीतला बडा अधिकारी आहे. एका दारूड्या, घाबरट रेडिओ पत्रकाराला तो संपकऱ्यांच्या पुढाऱ्याविरुद्ध घाण शोधायला पाठवतो. आवाज चढवत नाही. काम सोपवावं तसं सोपवतो.

ज्या दूरदर्शनने यानेकला जन्म दिला, त्याच यंत्रणेचा माणूस म्हणून तो आता पडद्यावर बसला होता. प्रेक्षकांच्या हे लक्षात आल्याशिवाय राहिलं नसणार.

आणि मग रिशार्ड बुगायस्कीचा 'चौकशी'. जगभर तो 'इंटरॉगेशन' या नावाने ओळखला जातो. काळ १९५१ चा, स्टालिनच्या दहशतीचा. तोन्या नावाची एक कॅबरे गायिका, राजकारणाशी काही देणंघेणं नसलेली बाई, एका रात्री दारूच्या नशेत असताना उचलली जाते. तिच्या ओळखीच्या एका माणसाविरुद्ध तिने जबानी द्यावी, एवढीच पोलिसांची मागणी. ती देत नाही. वर्षं जातात. तोन्याची भूमिका क्रिस्टिना यांदाने केली आहे आणि तिची चौकशी करणारा मेजर झावादा म्हणजे गायोस.

झावादाचं टोपणनाव आहे 'न्हाणीवाला'. हे नाव कशावरून, ते सिनेमात कळतं, तेव्हा अंगावर काटा येतो. तोन्याला एका अरुंद कोठडीत उभं करून तिच्यात पाणी भरलं जातं. पण गायोस ही भूमिका राक्षसासारखी करत नाही, हे नीट बघा. तो कधी समजावतो, कधी आपुलकीने बोलतो, कधी खेकसतो, कधी कंटाळतो. दिवसभर फाइली उपसणाऱ्या कारकुनासारखा त्याला थकवा येतो. त्याला वाटतं की आपण एक आवश्यक काम करतो आहोत आणि ही बाई उगाच हट्ट करते आहे. छळापेक्षाही हा त्याचा प्रामाणिक वैताग जास्त भयंकर आहे.

इथे यानेकचा चेहरा कामाला येतो. पोलिश प्रेक्षकाला या चेहऱ्यावर विश्वास ठेवायची सवय होती. झावादा हसून बोलतो तेव्हा प्रेक्षकाला क्षणभर वाटतं, हा काही इतका वाईट नसेल. तोन्यालाही तसंच वाटत असतं. म्हणजे तिची फसगत आणि प्रेक्षकाची फसगत एकाच वेळी होते. अनोळखी नट घेतला असता तर झावादा फक्त खलनायक झाला असता. आपल्यातला वाटला नसता.

या सिनेमाची स्वतःची हकीकतही ऐकण्यासारखी आहे. काम चालू असताना १३ डिसेंबर १९८१ ला पोलंडमध्ये लष्करी कायदा लागू झाला. तरी सिनेमा १९८२ मध्ये पुरा झाला. अधिकाऱ्यांनी पाहिला आणि कपाटात टाकला. पण त्याच्या व्हिडिओ कॅसेटच्या नकला चोरून फिरू लागल्या. माणसं घरांत जमून, पडदे ओढून तो बघत. बुगायस्की १९८५ मध्ये कॅनडाला निघून गेला. पोलंडच्या चित्रपटगृहांत 'चौकशी' लागला तो थेट डिसेंबर १९८९ मध्ये, राजवट कोसळल्यावर. १९९० मध्ये यांदाला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. नटाने आयुष्यातलं एक सर्वोत्तम काम करावं आणि देशाने ते सात वर्षं उघडपणे बघू नये, ही किंमत त्या काळात अनेकांनी मोजली. गायोसही त्यांतलाच.

सेन्सॉरची डोकेदुखी

१९९० मध्ये वोय्चेख मार्चेव्स्कीचा 'एस्केप फ्रॉम द लिबर्टी सिनेमा' आला. कल्पना मजेदार आहे. एका लहान शहरातल्या 'स्वातंत्र्य' नावाच्या चित्रपटगृहात एक रडका सिनेमा चालू आहे आणि पडद्यावरची पात्रं बंड करतात. ठरलेले संवाद बोलायला नकार देतात, प्रेक्षकांशी बोलू लागतात. आता करायचं काय? म्हणून बोलावणं जातं गावच्या सेन्सॉरला. तो सेन्सॉर म्हणजे गायोस.

हा माणूस पूर्वी साहित्यात होता. आता दिवसभर दुसऱ्यांची वाक्यं कापतो आणि त्याचं डोकं सतत दुखत असतं. पडद्यावरच्या पात्रांनी त्याच्याशी बोलायला सुरुवात केल्यावर तो हळूहळू आतून हलू लागतो आणि शेवटी स्वतःच पडद्याच्या आत शिरतो. तिथे छपरांवर त्याला भेटतात ती पात्रं, जी त्याने आजवर सिनेमांतून कापून टाकली होती. त्यांनी त्याला मारावं की माफ करावं? गायोस तिथे गुन्हेगार म्हणून उभा राहत नाही आणि हुतात्मा म्हणूनही नाही. तो फक्त त्यांच्याकडे बघतो आणि त्याला कळतं की यांच्याकडे परत द्यायला आपल्याजवळ काहीच नाही.

'चौकशी'मधल्या झावादाला आपण काय करतो ते कळत नव्हतं. या सेन्सॉरला ते कळतं. दोन भूमिकांत एवढंच अंतर आहे आणि ते फार मोठं अंतर आहे. या सिनेमाला १९९० मध्ये गदिनियाच्या राष्ट्रीय महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

त्याच सुमाराची दूरदर्शनवरची एक छोटी गोष्ट सांगतो. काझिमिएश कुत्सने १९९० मध्ये एक नाटक दूरदर्शनसाठी केलं. बाख आणि हँडल हे दोन महान संगीतकार प्रत्यक्षात कधीच भेटले नाहीत, पण ते एका रात्री जेवायला एकत्र बसले असते तर? बाख झाला होता गायोस आणि हँडल झाला होता रोमान विल्हेल्मी. हा विल्हेल्मी म्हणजे त्या रणगाड्यावरचा कमांडर ओल्गिएर्द! एका लोखंडी डब्यात बसलेले दोघे सैनिक पंचवीस वर्षांनी जेवणाच्या टेबलावर एकमेकांना संगीतावरून टोमणे मारत होते. पुढच्याच वर्षी विल्हेल्मी गेला.

राजवट बदलली, खुर्ची राहिली

साधारणपणे कथा इथे संपायला हवी. लोकशाही आली, सेन्सॉर गेला, जुन्या नटाने आता आजोबांच्या भूमिका कराव्यात. पण गायोसच्या कामाचा पुढचा भाग आम्हाला जास्त महत्त्वाचा वाटतो, कारण सत्तेचे चेहरे राजवटीबरोबर नाहीसे होत नाहीत हे तो दाखवतो.

१९९२ चा 'डॉग्ज', दिग्दर्शक व्लादिस्लाव पासिकोव्स्की. जुन्या गुप्त पोलीस खात्याचं नवीन लोकशाहीत काय झालं, याची ही गोष्ट. गायोस इथे ग्रॉस नावाचा जुना अधिकारी आहे. नवीन काळात हा माणूस काय करतो? तो गुन्हेगारीच्या धंद्यात उतरतो. कौशल्य तेच, ओळखी त्याच, मालक फक्त बदलला.

२०१३ मध्ये बुगायस्कीने, होय, त्याच 'चौकशी'वाल्या बुगायस्कीने 'क्लोज्ड सर्किट' केला. सत्य घटनेवरून सुचलेली कथा. काही यशस्वी उद्योजकांना खोट्या आरोपांत अडकवून त्यांचा धंदा गिळंकृत करायचा, असा सरकारी अधिकाऱ्यांचा कट. कटाचा सूत्रधार सरकारी वकील कोस्त्शेवा, म्हणजे गायोस. तीस वर्षांनी तोच दिग्दर्शक, तोच नट. 'चौकशी'मधली खोली काळोखी होती, इथली कचेरी चकचकीत आहे. पण टेबलाच्या या बाजूला बसलेला माणूस आणि त्या बाजूला बसलेला माणूस यांच्यातलं अंतर तेवढंच आहे. लोकशाहीतही कायदा एखाद्याच्या हातात हत्यार होऊ शकतो, एवढी साधी गोष्ट हे दोन सिनेमे शेजारी ठेवले की समजते.

२०१८ चा 'क्लेर', म्हणजे पाद्रीवर्ग. दिग्दर्शक वोय्चेख स्माझोव्स्की. पोलंडसारख्या कडव्या कॅथलिक देशात चर्चमधला भ्रष्टाचार आणि मुलांवरचे अत्याचार यांच्यावरचा सिनेमा. तो चित्रपटगृहांत ५० लाखांहून अधिक लोकांनी पाहिला. पोलंडची लोकसंख्या चार कोटींच्या आत आहे, हे लक्षात घेतलं तर हा आकडा कळेल. गायोस इथे आर्चबिशप मोर्दोविच आहे. भव्य देवस्थान बांधायच्या मागे लागलेला, ऐषारामात राहणारा, शिवराळ, आणि कुणाचं गुपित केव्हा वापरायचं हे जाणणारा. तेव्हा तो ७९ वर्षांचा होता.

तीच सही, वेगळं माणूस

एवढं सगळं ऐकून असं वाटेल की गायोस म्हणजे कायम सत्तेतला वाईट माणूस. तसं नाही. २००० सालच्या 'पिवळा मफलर' या दूरदर्शन चित्रपटात तो एक यशस्वी, सुखवस्तू, दारूच्या आहारी गेलेला गृहस्थ आहे. नाताळच्या आदल्या दिवशी, घरच्यांना दिलेला शब्द आणि घसा यांच्यामध्ये तो अडकतो. येर्झी पिल्ख या लेखकाची पटकथा, यानुश मोर्गेनश्टेर्न दिग्दर्शक. त्यात तो हातातल्या ग्लासाकडे ज्या नजरेने बघतो, ती नजर ज्यांच्या घरात असा माणूस आहे ते विसरणार नाहीत. २००२ मध्ये वायदाच्या 'द रिव्हेंज' या सिनेमात त्याने जुन्या विनोदी नाटकातला तापट सरदार रंगवला. त्याच सिनेमात पोलान्स्की नट म्हणून त्याच्यासमोर होता.

रंगभूमीवर त्याने आंद्रे श्चिपिओर्स्कीच्या 'आरासच्या गावासाठी प्रार्थना' या कादंबरीचा एकपात्री प्रयोग केला. पंधराव्या शतकातल्या एका गावात दुष्काळानंतर आणि साथीनंतर सगळं गाव कसं पिसाळतं, शेजाऱ्यांना आणि ज्यूंना कसं बळी देतं, याची ही कथा. सांगणारा माणूस त्या गर्दीत होता. पुन्हा तोच प्रश्न: माणूस अशा गोष्टीत सामील कसा होतो?

आणि २०१५ चा मायगोझाता शुमोव्स्काचा 'बॉडी'. बर्लिन महोत्सवात दिग्दर्शनासाठी याला रौप्य अस्वल मिळालं. गायोस पुन्हा सरकारी वकील, पण यावेळी कट करणारा नाही. बायको गेलेली, मुलगी अन्न सोडून बसलेली, आणि हा रोज प्रेतं बघून घरी येऊन मुकाट्याने दारू पिणारा. सिनेमाच्या सुरुवातीला नदीकाठी झाडाला लटकलेला माणूस खाली उतरवतात, आणि तो उठून चालू लागतो! गायोसचा चेहरा जवळजवळ हलत नाही. शेवटी बाप, मुलगी आणि आत्म्यांशी बोलते म्हणणारी एक बाई रात्रभर टेबलाभोवती बसतात. मेलेली आई काही खूण देते का, याची वाट बघत. सकाळ होते. खूण येत नाही. ती बाई झोपून घोरू लागते. बाप मुलीकडे बघतो, मुलगी बापाकडे, आणि दोघांना हसू फुटतं.

हे हसू बघायला मिळावं म्हणून तरी हा सिनेमा बघा. टेबलाच्या एका बाजूला बसून दुसऱ्याकडून जबाब घेणारा माणूस आपण इतकी वर्षं पाहिला. इथे त्याच्याकडे विचारायला काहीच उरलेलं नाही, आणि समोर त्याची मुलगी आहे.

यातून आपण काय घ्यायचं

लांब कारकीर्द म्हणजे नुसती वर्षं मोजणं नव्हे. एका नटाचा चेहरा दोन-तीन पिढ्यांच्या डोळ्यांसमोर म्हातारा होतो, तेव्हा प्रत्येक नवीन भूमिकेत जुन्या भूमिका मिसळतात. गायोसने ही मिसळ टाळली नाही. यानेकबद्दल लोकांच्या मनात जी माया होती, तिचा उपयोग त्याने लोकांना गोड वाटण्यासाठी केला नाही. त्या मायेतून त्याने अवघड प्रश्न विचारले. झावादा, सेन्सॉर, ग्रॉस, कोस्त्शेवा, मोर्दोविच ही माणसं परक्या देशातून आलेली नाहीत. ती त्याच गल्लीत यानेक-यानेक खेळत मोठी झालेली असू शकतात.

आपल्यालाही हा प्रश्न लागू पडतो. सत्तेतला क्रूर माणूस आपण बहुतेकदा लाल डोळ्यांचा, मोठ्याने हसणारा कल्पितो. म्हणून समोरचा माणूस शांत, ओळखीचा, घरगुती बोलणारा असला की आपण सैल पडतो. गायोसच्या भूमिका बघितल्यावर हे सैल पडणं जरा कमी होतं. नटाकडून एवढं मिळालं तर पुष्कळ.

ज्यांना हे काम क्रमाने बघायचं आहे, त्यांच्यासाठी एक सूचना. आधी रणगाड्याच्या मालिकेचे सुरुवातीचे एक-दोन भाग बघा आणि त्या पोराच्या प्रेमात पडा. मग 'चौकशी' बघा. दुसऱ्या दिवशी 'एस्केप फ्रॉम द लिबर्टी सिनेमा'. थोडे दिवस जाऊ द्या आणि मग 'क्लोज्ड सर्किट' आणि 'बॉडी' लागोपाठ. दोन्हींत सरकारी वकीलच आहे, पण दोघांत केवढा फरक आहे ते तुमचं तुम्हालाच दिसेल. 'थ्री कलर्स: व्हाइट' पाहिलेला असेल तर तो शेवटी पुन्हा लावा. मेट्रो स्टेशनातला तो उदास गृहस्थ आता तुम्हाला अनोळखी वाटणार नाही.

आता तुमचे प्रश्न घेऊ.